मुंडण झालेला राजा

एलमियरचा मठ
संत मार्टिनच्या सणानंतरचा दुसरा दिवस, नोव्हेंबर

प्रिय टिल्बाताई,

तुझा धाकटा भाऊ, हेल्मरचा राजा हुनफ्रिद याचा नमस्कार. ‘राजा’ हा शब्द इथल्या मठाधिपतींनी मला खोडायला सांगितला. मी म्हटलं, लिहायचं कातडं पातळ आहे, खरवडलं तर भोक पडेल. राहू दे.

तुला बातमी लागली असेलच, पण लोकांच्या तोंडून ती कशी पोचली कोण जाणे, म्हणून माझ्या हातानं लिहितो. स्टानबराच्या टेकडीवर शरदातली सभा भरली होती. आपला चुलतभाऊ ऑस्लाक उठला आणि सगळ्या सरदारांसमोर म्हणाला, “हुनफ्रिदच्या राज्यात आपल्या तलवारींना गंज चढला.” ते खोटं नव्हतं. दोन वर्षं बार्ली शेतातच कुजली, तेव्हा मी राजाची कोठारं लोकांना उघडून दिली. सरदारांना वाटलं, नदीपलीकडे धाड घालावी, तिकडची गुरं हाकून आणावी. पण पलीकडच्या राजाच्या हातात हात देऊन मी शांततेचं वचन दिलेलं होतं. दिलेला हात मागे कसा घ्यायचा? ऑस्लाकनं त्यांना गुरांचं आश्वासन दिलं. दुपारपर्यंत सभा त्याची झाली.

मग मला चर्चमध्ये नेलं आणि डोकं भादरलं. मठाची वस्त्रं चढलेला माणूस पुन्हा गादीवर बसू शकत नाही, म्हणून ही हजामत. मी शांत उभा राहिलो. आपल्या बापाचा मुलगा जसा उभा राहील तसा.

इथं चहूकडे दलदल आहे. जेवायला ईल मासा असतो, नाहीतर ईल माशाचं पाणी असतं. माझी तक्रार नाही. काळजी माझ्या पोरीची, एडिथची आहे. तिची आई गेल्यापासून तिनं माझ्याशिवाय कुणाच्या छपराखाली रात्र काढलेली नाही, आणि आता ती ऑस्लाकच्या घरात आहे. तो म्हणतो पाहुणी आहे. पाहुणीच्या दाराला बाहेरून अडसर कोण लावतं?

तू मठाची प्रमुख आहेस, तुला कुणी अडवणार नाही. तिला एकदा डोळ्यांनी बघून ये.

तुझा,
हुनफ्रिद


हॅन्लोचा मठ
नाताळनंतरचा आठवडा

हुन,

शांत उभा राहिलास म्हणे! विगहार्ड सरदाराच्या हातावर अजून तुझ्या दातांचा ठसा आहे. गेल्या आठवड्यात तो इथं औषधी मलम मागायला आला होता. चौघांनी धरलं तेव्हा कुठं तुझं डोकं वस्तऱ्याखाली आलं, असं त्यानंच सांगितलं, आणि सांगताना म्हातारा खाली बघत होता. माझ्याजवळ कशाला खोटं बोलतोस? मला तर ऐकून बरं वाटलं. लहानपणी न्हाऊ घालतानासुद्धा तू चावायचास.

एडिथला मी भेटले. अंगानं बरी आहे. खाते, पिते, सूत कातते. ऑस्लाकचा मुलगा ऑर्डगार तिच्याकडे मान वर करून बघत नाही, एवढं तरी बरं.

आता पुढचं वाचताना भिंतीवर डोकं आपटू नकोस. तिला भेटायची परवानगी मिळावी म्हणून मी ऑस्लाकला मठात जेवायला बोलावलं. तो जेवला, प्यायला, आणि मग मनातलं बोलला.

त्याची गाडी अडली आहे. ईस्टरला बिशपनं त्याच्या डोक्यावर तेल लावायचं, म्हणजे तो खरा राजा. पण बिशप अडून बसले आहेत. ते म्हणतात, “हुनफ्रिदनं स्वतःच्या तोंडानं सभेत सांगावं की ही वस्त्रं त्यानं आपखुशीनं घेतली. नाहीतर हे तेल बाटलीतच राहील.” काही सरदारही कुजबुजायला लागलेत. गुरं मिळाली, पण झोप उडाली आहे त्यांची.

तर ऑस्लाक म्हणतो, हुनफ्रिदनं ईस्टरला स्टानबराला यावं आणि एवढं एक वाक्य बोलावं: मी आपखुशीनं मुंडण केलं. तो बोलला तर एडिथ त्याच दिवशी माझ्या मठात येईल आणि पुढं तिला हवं तसं जगेल. नाही बोलला तर त्याच संध्याकाळी तिचं ऑर्डगारशी लग्न लागेल, म्हणजे तुझ्या रक्ताचा हक्कही त्याच्याच घरात जाईल.

एक वाक्य आहे, हुन. विचार कर.

टिल्बा


एलमियर
मेणबत्त्यांच्या सणाचा दिवस, फेब्रुवारी

टिल्बाताई,

तू त्याला जेवू घातलंस. कुठल्या पाटावर बसवलंस? बाबा बसायचे त्यावर?

इकडून मीठ घेऊन जाणारे लोक सांगतात, हॅन्लोच्या चर्चवर या हिवाळ्यात शिशाचं नवं छप्पर चढलंय. तुझ्या पत्रात त्याबद्दल एक अक्षर नाही. कुणी दिलं ते मी विचारत नाही. एका वाक्याचा भाव मात्र समजला.

मी काय गमावलं ते तुला नीट कळलेलं दिसत नाही. गादी गेली, ती जाऊ दे. घोडे गेले. केस गेले, तेही जाऊ देत, थंडी वाजते इतकंच. पण त्या चर्चमध्ये चौघांनी मला दाबून धरलं असताना मी ‘नाही’ म्हणालो होतो. ओरडून म्हणालो होतो. तेवढं एक ‘नाही’ माझ्याजवळ शिल्लक आहे. ऑस्लाकला आता तेही हवंय. चोर घर धुऊन नेतो, आणि वर धन्यानं दारात उभं राहून म्हणायचं, की मीच दिलं बरं का हे सगळं!

आणि माझ्या एडिथला तो तराजूत घालतो. मला रात्रंदिवस दुसरं काही दिसत नाही, एवढं तरी तू समजून घेशील असं वाटलं होतं.

ईस्टरला मी जाईन. काय बोलेन ते तुला सांगणार नाही. तू ऑस्लाकला सांगशील.

हुनफ्रिद


हॅन्लो
उपासाचा काळ, मार्च

हुन,

छप्पर आईच्या सोन्याच्या कड्यांचं आहे. दोन्ही कडी दिली. तुला सांगितलं नाही, कारण त्यातलं एक तिनं तुझ्या नावानं ठेवलं होतं आणि मी न विचारता दिलं. वादळात अर्धं छप्पर उडालं होतं आणि बायका भिजत प्रार्थना करत होत्या. आता कर काय करायचं ते.

आणि ऑस्लाकला मी बाबांच्या जागेवर नाही बसवलं. दाराजवळ बसवलं, जिथं वारा येतो. त्याला कळलंही.

मी तुझ्यावर रागावले नाही. इतक्या वर्षांत एकदाही तुझ्यापुढं हात जोडले नाहीत, आज जोडते. बोलून टाक ते वाक्य. देवाला ठाऊक आहे तू ‘नाही’ म्हणालास. मला ठाऊक आहे. विगहार्डच्या हाताला ठाऊक आहे. पोरगी अवघी सतरा वर्षांची आहे. तुझा ताठा तिच्या आयुष्यापेक्षा मोठा आहे का?

मी तिला पुन्हा भेटले. तुझ्यासाठी काही निरोप आहे का, विचारलं. काही बोलली नाही, नुसती रडली. बापाला आणखी काय हवं समजायला?

गोठ्यापाशी बर्फावर पाय घसरला आणि घोटा गेला, म्हणून मी ईस्टरला येऊ शकणार नाही. तुझ्यावर नजर ठेवायला मी तिथं नाही, हेच मला खातं आहे.

टिल्बा


बिशपच्या बहिणीचं घर, स्टानबरा
ईस्टरनंतरचा बुधवार

प्रिय आत्या,

मी सुखरूप आहे! हे पहिल्यांदा लिहिते, म्हणजे तू पुढचं नीट वाचशील. नदीला पूर आहे, रस्ता उघडला की तुझ्याकडे येते. तोवर बिशपची बहीण मला मधाची भाकरी खाऊ घालते आहे आणि सतत रडते आहे. तुझा घोटा कसा आहे?

आता ऐक. रविवारी सकाळी सगळी टेकडी माणसांनी भरली होती. ऑस्लाककाका लाल झग्यात, शेजारी बिशप, तेलाची कुपी हातात. मला बायकांच्या बाजूला उभं केलं होतं, दोन्हीकडे दोन शिपाई. मग बाबा आले. आत्या, मी ओळखलंच नाही. पायात गवताच्या चपला, काळा खरबरीत झगा, अंगावर मांस नाही. पण चालत आले ते असे की लोक आपोआप बाजूला झाले.

बिशपनी विचारलं, “हुनफ्रिद, ही वस्त्रं तू आपखुशीनं घेतलीस का?”

बाबा म्हणाले, “नाही.”

माझ्या शेजारच्या शिपायानं माझा दंड धरला.

“चौघांनी धरलं होतं,” बाबा म्हणाले. “ते चौघंही इथं आहेत. मी नावं घेत नाही, ते एकमेकांना ओळखतात.” विगहार्ड सरदारानं हात पाठीमागे नेला.

ऑस्लाककाका ओरडले, “ऐकलंत? हा मुलीचासुद्धा विचार करत नाही!”

“थांब ऑस्लाक, माझं संपलेलं नाही. तुला घाई फार असते.” आणि खरंच, आत्या, लोक हसले. मग बाबा सरदारांकडे वळले. “तुम्ही माझ्याकडून राज्य हिसकावून घेतलंत. हिसकावलेल्या वस्तूवर धनी पुन्हा हक्क सांगू शकतो. मी सांगितला तर निम्मे तुम्ही माझ्याकडे याल, निम्मे याच्याकडे राहाल, आणि उन्हाळ्यात हेल्मरची शेतं तुमच्याच घोड्यांखाली जातील. दोन वर्षांच्या उपासमारीनंतर ह्या लोकांना मी आणखी एक उपासमार देणार नाही. म्हणून आज, कुणी हात धरलेला नसताना, मी हे राज्य सोडतो. पुन्हा मागणार नाही. ऑस्लाक, तू चोरलं होतंस. आता घे, मी देतोय.”

ऑस्लाककाकांचा चेहरा त्या झग्यापेक्षा लाल झाला. घ्यावं तर दान, न घ्यावं तर काहीच नाही.

“आणखी एक,” बाबा म्हणाले. “दिलं त्यात माझी मुलगी नाही. ती माझी नव्हतीच कुणाला द्यायला. तिला जिकडं जायचं तिकडं ती जाईल, आणि तुम्ही सगळे बघाल.”

मी चालायला लागले. शिपायानं दंड सोडला नव्हता, तर ऑर्डगार पुढं आला आणि त्यानं त्याचा हात काढला. सगळ्यांसमोर, आपल्या बापासमोर. माझी ओढणी चिखलात पडली होती, तीही उचलून दिली. त्याचे कान तेवढे लाल होते. मी बिशपपाशी जाऊन उभी राहिले आणि बिशपनी माझा हात धरला. मग, राज्य आता दिलेलं होतं म्हणून, त्यांनी काकांच्या डोक्यावर तेल लावलं. कुणी फारसं ओरडलं नाही.

बाबांना परत एलमियरला नेलं. जाताना मी विचारलं, “आणि त्यांनी मला ओढून नेलं असतं तर?” ते म्हणाले, “तर मी पुन्हा चावलो असतो.”

आत्या, एक गोष्ट. तू माझा निरोप बाबांना दिला नाहीस. मी रडले नव्हते. मी सांगितलं होतं, माझ्यासाठी खोटं बोलू नका. मी बाबांना विचारलं तर त्यांना माहीतच नव्हतं. तुझ्यावर राग नाही. तू मला वाचवायला बघत होतीस. पण मला अभिमान वाटतो तो याचाच, की माझा निरोप न मिळताही ते तेच बोलले.

तुझी,
एडिथ


हॅन्लो
चार वर्षांनंतर, सप्टेंबर

हुन,

ऑस्लाक गेला. कापणीच्या दिवसांत ताप आला आणि आठवड्यात आटोपला. मी त्याच्यासाठी प्रार्थना म्हटली, मनापासून म्हणता आली नाही हे देव समजून घेईल.

हे पत्र पोचायच्या आत विगहार्ड तुझ्या दारात असेल. काल तो इथं उतरला होता, बरोबर दहाबारा सरदार आणि एक रिकामा, खोगीर चढवलेला पांढरा घोडा. त्यांना ऑर्डगार नको आहे. तरणा आहे, फारसा बोलत नाही, आणि त्याच्या बापानं त्यांना जे शिकवलं ते ते विसरलेले नाहीत: जो गुरं कबूल करेल तो राजा. प्रत्येकाचा एकेक उमेदवार आहे. एकमत फक्त तुझ्यावर होतंय. “तेव्हा चुकलो, टिल्बामाई,” असं विगहार्ड माझ्यासमोर म्हणाला.

मागं मी तुला मान खाली घालायला सांगितलं होतं आणि माझं चुकलं. एडिथनं ते मला चार वर्षं एकदाही ऐकवलं नाही, म्हणून जास्त लागतं. आज उलटं सांगते. जा. केस वाढतात. बिशप म्हणतात, तुझ्या शब्दातून ते तुला मोकळं करतील. मला मरण्याआधी तुला पुन्हा गादीवर बसलेलं बघायचं आहे.

एडिथला विचारलं, तुझं काय मत? इथले घोडे आता तीच बघते, नाल ठोकताना वर न बघता म्हणाली, “ऑर्डगार माणूस चांगला आहे. बाबांना काय करायचं ते बाबांना कळतं.” आणि घोड्यावर बसून सरदारांच्या मागोमाग निघून गेली.

टिल्बा


एलमियर
संत मायकेलच्या सणानंतर, ऑक्टोबर

प्रिय टिल्बाताई,

ते आले तेव्हा मी बांधावर होतो. भरतीच्या पाण्यानं बांध फोडला होता आणि आम्ही सगळे मठवासी गुडघाभर गाळात उभे राहून वेताच्या जुड्या रचत होतो. विगहार्डला कळेना की यातला मी कुठला. मग त्यानं ओळखलं आणि तिथंच गुडघे टेकले.

मी म्हटलं, “ऊठ, चिखल आहे.”

“महाराज, घोडा आणलाय.”

“दिसतोय. चांगला आहे.”

“तो शब्द तुमच्याकडून दबावाखाली घेतला होता. बिशप मोकळं करायला तयार आहेत.”

“विगहार्ड,” मी म्हटलं, “दबावाखाली जे मागितलं होतं ते मी त्या दिवशी दिलंच नाही. दिलं ते माझं मी दिलं. त्यातून मला कोण मोकळं करणार?”

तो गाळातून उठला. म्हणाला, “मग आमचं काय? आम्ही एकमेकांचे गळे कापू.”

“राजाच हवा ना तुम्हाला? चला, देतो.”

घोड्यावर बसलो. झगा तोच, गाळाचा. ताई, तुला खरं सांगतो, वाटेवर लोक शेतातून धावत येत होते, बायका मुलांना उचलून दाखवत होत्या, आणि माझ्या छातीत असं काही उसळत होतं की वाटलं, बास, बसावं त्या गादीवर, कोण विचारतो? टेकडी दिसेपर्यंत वाटत होतं.

सभेत ऑर्डगार एकटा उभा होता. त्याच्या दोन्ही बाजूंना माणसं नव्हती. मला बघून तो पांढरा पडला, पण जागचा हलला नाही. कमरेची तलवार काढून त्यानं माझ्यासमोर धरली. त्याला वाटलं मी घ्यायला आलोय, आणि तो द्यायला तयार होता. बापाहून वेगळा निपजला.

मी विचारलं, “नदीपलीकडच्या लोकांना मी शांततेचं वचन दिलं होतं. तुझ्या बापानं मोडलं. तू पाळशील?”

“पाळीन. पण हे लोक मला सोडतील.”

“कोठारं?”

“बापाची अर्धी रिकामी आहेत. जे आहे ते उघडेन.”

मग मी सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात माझं नाव घेतलं, माझ्या बापाचं आणि आज्याचं घेतलं, आणि ऑर्डगारसमोर गुडघा टेकला. माझे हात त्याच्या हातांत ठेवले, राजाला देतात तसे.

टेकडीवर वारा तेवढा वाजत होता. राजवंशातला, त्यांचा राजा राहिलेला माणूस खाली बसला होता, आता उभं राहायचं कुणी? पहिला विगहार्ड बसला, त्याचे गुडघे कडाडले ते मला ऐकू आले. मग त्याच्या मागचे. मग एकेक उमेदवारसुद्धा. ऑर्डगार मला उठवायला वाकला. “काका, उठा ना, काका.” मी म्हटलं, “आधी राजा हो. काका मग म्हण.” तो ताठ झाला, आणि सगळ्यांनी त्याच्या हातांत हात देईपर्यंत तसाच उभा राहिला.

ताई, मी गादीवर होतो तेव्हा ती सगळी सभा एकदाही अशी गप्प झाली नव्हती.

तुला मला तिथं बसलेलं बघायचं होतं, ते जमलं नाही. रागावू नकोस. परत निघालो तेव्हा माझा घोडा धरायला शिपाई आला, तर एडिथनं त्याला बाजूला केलं आणि लगाम स्वतः हातात घेतला. मी म्हटलं, “अगं, हे नोकराचं काम.” ती म्हणाली, “आज नाही, बाबा,” आणि सगळ्या सरदारांच्या मधून, हळूहळू, घोडा टेकडीखाली घेऊन आली. कुणी उठलं नाही. आम्ही पुढं जाईपर्यंत सगळे गुडघ्यांवरच होते.

मी मागं वळून पाहिलं नाही. तूही पाहिलं नसतंस.

तुझा,
हुनफ्रिद